चुकलेल्या नोंदीतलं नातं

मी शास्त्राचा माणूस नव्हे. बी. ए. झालो आणि कवितेत रमलो. पण एका कवीच्या मागे जाता जाता मी थेट तारामाशाच्या पिल्लापर्यंत पोचलो, ती हकिगत सांगतो.

बर्लिनचे प्राध्यापक योहानेस म्युलर उत्तर समुद्रातल्या हेल्गोलँड बेटावर बारीक जाळीनं समुद्राचं पाणी गाळत. त्यात त्यांना काचेसारखा पारदर्शक, लांब हातांचा एक इवलासा जीव मिळाला. 1846मध्ये त्यांनी त्याचं वर्णन छापलं. नाव ठेवलं प्लुटियस पॅराडॉक्सस. कोड्यात टाकणाराच तो! तारामासे, सागरी साळिंदरं यांच्या कुळातलं हे पिल्लू. शास्त्रात त्याला डिंभ म्हणतात. या कुळातल्या मोठ्यांचं शरीर पाच भागांचं. पिल्लू मात्र तुमच्याआमच्यासारखं, डावं-उजवं असलेलं. पुढं त्याच्या डाव्या कुशीत नवं शरीर आकार घेतं.

1850मध्ये म्युलरांनी आणखी एका डिंभाचं वर्णन केलं, टॉर्नेरियाचं. अंगावर तशाच केसाळ पट्ट्या. त्यांनी तो तारामाशाचाच म्हणून नोंदवला. इथं एवढा जाणता माणूस चुकला. म्युलर 1858मध्ये गेले. पुढं 1870च्या सुमारास इल्या मेचनिकोव्हनं दाखवलं, की त्यातून तारामासा होत नाही. बॅलॅनोग्लॉसस नावाचा वाळूत राहणारा किडा होतो. आणि याच किड्याच्या घशात अलेक्झांडर कोवालेव्स्कीनं 1866मध्येच माशासारख्या कल्ल्यांच्या फटी पाहिल्या होत्या. लहानपण तारामाशासारखं, गळा माशासारखा! बिनकण्याचा तारामासा आपल्या भावकीत येऊन बसला तो असा. म्युलरांची चूक किती जवळची होती, पाहा.

आता तो कवी. वॉल्टर गार्स्टँग, इंग्लंडात लीड्सला प्राणिशास्त्राचे प्राध्यापक. 1894पासून ते म्हणत होते, की कणा असलेल्या प्राण्यांचं मूळ मोठ्या तारामाशात शोधू नका, असल्या पोहणाऱ्या डिंभात शोधा. त्या केसाळ पट्ट्या पाठीवर जुळून मज्जारज्जू झाला, अशी त्यांची कल्पना. ती जशीच्या तशी आज फारसं कुणी मानत नाही. पण तारामासा आणि तो किडा सख्खे, आणि आपण त्यांचे चुलत, हे नातं डीएनएच्या अभ्यासानं पक्कं केलं.

गार्स्टँग डिंभांवर यमकं जुळवून कविता करीत. 1949मध्ये ते वारले, आणि त्या कवितांचं पुस्तक निघालं 1951मध्ये. आमच्यातल्या कुणाला एवढा धीर निघाला नसता.