शहाण्याने कोर्टाची पायरी चढावी काय?

मुळशी तालुक्याच्या पश्चिम टोकाला, सह्याद्रीच्या माथ्यावर ताम्हिणी वसले आहे. घाट उतरला की रायगड जिल्ह्यातील माणगाव तालुका लागतो. विंझाई देवीचे देऊळ, भाताची खाचरे, डोंगरउतारावरची नाचणी-वरी आणि धो धो कोसळणारा पाऊस ही या मुलखाची ओळख. याच मुळशी खोऱ्यात १९२१ साली सेनापती बापटांच्या नेतृत्वाखाली टाटांच्या धरणाविरुद्ध सत्याग्रह झाला. धरण व्हायचे ते झालेच. आपल्या जमिनीचा निर्णय आपल्याला न विचारता दूर कोठेतरी होतो, हा कडू अनुभव मावळातील शेतकऱ्याच्या पदरी पडला.

सहकाराचे वचन याच्या नेमके उलट आहे. १८४४ साली इंग्लंडमधील रॉचडेल येथे विणकरांनी जे दुकान थाटले, त्याचे एक प्रमुख सूत्र होते : भांडवल कितीही असो, सभासदाला मत एकच. आपल्याकडे सहकाराची गरज सावकारी पाशातून निर्माण झाली. १८७५ साली पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांनी सावकारांची कर्जखते जाळली. १८७९ साली शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा आला आणि १९०४ साली सहकारी पतसंस्थांचा. १९१८ साली मोन्सिन्योर मोनीस यांनी वसईत कॅथलिक पतसंस्थेची मुहूर्तमेढ रोवली, तीही याच लाटेत. पुढे महाराष्ट्राने १९६० साली स्वतःचा सहकारी संस्था अधिनियम केला आणि त्यात ‘एक सभासद, एक मत’ हे तत्त्व कायम ठेवले.

मात्र संस्था वाढल्या, तसे मतही दूर गेले. गावातील शेतकरी विविध कार्यकारी सोसायटीचा सभासद असतो. जिल्हा बँकेत त्याची सोसायटी सभासद असते. तेथे मत देण्यासाठी ती ठराव करून एक प्रतिनिधी पाठवते. या एका ठरावावरून किती भांडणे झाली असतील, याची गणती नाही! सभेची सूचना सर्वांना मिळाली होती काय, गणसंख्या पुरी होती काय, एकाच संस्थेचे दोन ठराव आले तर खरा कोणता, असे प्रश्न उभे राहतात. त्यातच थकबाकीदार म्हणून नाव वगळणे, ऐनवेळी नवे सभासद भरणे आणि किरकोळ कारणावरून उमेदवारी अर्ज फेटाळणे यांची भर पडते. जेथे कर्ज, ऊस, दूध आणि नोकऱ्या यांच्या नाड्या एका संचालक मंडळाच्या हाती असतात, तेथे निवडणूक अटीतटीची होणारच.

मग दाद कोणाकडे मागावी? १९६९ साली कायद्यात एक स्वतंत्र प्रकरण घालण्यात आले. जिल्हा बँका, साखर कारखाने अशा मोठ्या संस्थांच्या निवडणुका जिल्हाधिकाऱ्यांकडे गेल्या आणि निकालानंतर दोन महिन्यांच्या आत विभागीय आयुक्तांकडे निवडणूक अर्ज करण्याची सोय झाली. इतर संस्थांचे तंटे कलम ९१ खाली येत. ते निबंधकांच्या अखत्यारीतून काढून १९७४ च्या दुरुस्तीने सहकारी न्यायालयांकडे सोपवण्यात आले.

तरीही अनेकांची धाव उच्च न्यायालयाकडेच असे. मतदानाआधीच स्थगिती मिळाली तर विरोधकांचा डाव उधळतो, हे चाणाक्षांनी ओळखले होते. २००१ साली सर्वोच्च न्यायालयापुढे संत सद्गुरू जनार्दन स्वामी सहकारी दूध उत्पादक संस्थेचे प्रकरण आले. वाद मतदार यादीचा होता. न्यायालयाने निर्वाळा दिला, की यादी तयार करणे हा निवडणूक प्रक्रियेचाच टप्पा आहे. प्रक्रिया सुरू झाल्यावर तिच्यात रिटद्वारे खंड पाडू नये, तक्रार निकालानंतर निवडणूक अर्जातून करावी. १९५२ सालच्या पोन्नुस्वामी खटल्यात विधानसभा निवडणुकांसाठी सांगितलेले हेच तत्त्व.

आमच्या मते हा निर्णय रास्त आहे. स्थगिती सहज मिळू लागली, तर मुदत संपलेले मंडळ किंवा सरकारी प्रशासक खुर्चीवर बसून राहतो आणि सभासदाचे मत कपाटातच पडते. पण नाण्याला दुसरी बाजूही आहे. यादीतून अन्यायाने वगळलेल्या माणसाने निकालानंतर अर्ज करावा, त्याची सुनावणी लांबावी, अपील व्हावे, तोवर मंडळाची पाच वर्षे सरत यावीत, असे घडले तर त्या न्यायाचा उपयोग काय? ताम्हिणीच्या शेतकऱ्याला प्रत्येक तारखेला घाटमाथ्यावरून पुण्याला जाणे म्हणजे एका दिवसाची मजुरी बुडवणे होय.

हे दुखणे कमी करण्याचे प्रयत्न झाले. २०११ च्या सत्त्याण्णवाव्या घटनादुरुस्तीने वेळेवर निवडणुकांचा आग्रह धरला; २०१३ साली महाराष्ट्राने आपल्या कायद्यात बदल करून राज्य सहकारी निवडणूक प्राधिकरणाची तरतूद केली. २०२१ साली सर्वोच्च न्यायालयाने त्या घटनादुरुस्तीचा राज्यांतर्गत संस्थांपुरता भाग रद्द केला. कारण निम्म्या राज्यांची आवश्यक संमती घेतलेली नव्हती. ज्या दुरुस्तीने इतरांना निवडणुकीची शिस्त शिकवावयाची, तीच संमतीवाचून राहिली!

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे आपल्याकडे म्हणतात. पण कोणीच ती चढली नाही, तर यादी करणाराच मालक होऊन बसतो. तेव्हा आधीच्या पायऱ्या न चुकता चढाव्यात, असे आम्ही सुचवू. आपली पतसंस्था असो वा गृहनिर्माण संस्था, वार्षिक सभेला जावे, इतिवृत्त वाचावे, कच्ची मतदार यादी लागताच आपले आणि शेजाऱ्याचे नाव पाहावे, हरकत मुदतीत आणि लेखी द्यावी, पोच घ्यावी. रॉचडेलच्या विणकरांनी आणि सुप्याच्या शेतकऱ्यांनी सोसले, त्या मानाने हे कष्ट थोडे आहेत. आणि ते घेतले, तर पुष्कळशी भांडणे न्यायालयापर्यंत पोचणारच नाहीत.