समिती गप्प बसली तर? जात पडताळणी आणि परमादेशाचा इतिहास

मंडळी, आजचा विषय एका शब्दापासून सुरू करू: व्हॅलिडिटी. बारावीचा निकाल लागला की महाराष्ट्रात घरोघरी हा शब्द ऐकू येतो. जातीचा दाखला हातात असतो, पण पडताळणी समितीचं वैधता प्रमाणपत्र आलेलं नसतं. समितीने दावा फेटाळला, तर त्या आदेशाविरुद्ध भांडता तरी येतं. पण समिती काहीच बोलली नाही, तर भांडायचं कशाविरुद्ध?

सरकारी मौनावर कायद्यात एक जुना उपाय आहे: मँडॅमस, म्हणजे परमादेश. न्यायालय अधिकाऱ्याला बजावतं की तुझं कर्तव्य पार पाड. इंग्रजी अमलात मात्र हा उपाय सर्वांसाठी नव्हता. १८७७ च्या स्पेसिफिक रिलीफ कायद्याच्या कलम ४५ खाली अशा स्वरूपाचे आदेश देण्याचा अधिकार मुंबई, कलकत्ता आणि मद्रास या उच्च न्यायालयांना होता, तोही त्या शहरांच्या हद्दीपुरता. धुळ्याच्या किंवा साताऱ्याच्या माणसाला त्याचा काय उपयोग? १९५० साली राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ ने ही वेस मोडली.

आता १९९४ मध्ये येऊ. माधुरी पाटील खटला हा महाराष्ट्रातलाच, दोन बहिणींच्या वैद्यकीय शिक्षणाच्या प्रवेशातून उभा राहिलेला. खोट्या दाखल्यांना आळा घालण्यासाठी सर्वोच्च न्यायालयाने यात १५ मार्गदर्शक सूचना दिल्या. पडताळणी समिती आणि दक्षता पथक यांची घडी तिथे बसली. निकालाची ही बाजू सगळ्यांना ठाऊक असते. दुसरी बाजू आपण विसरतो. चौकशी शक्यतो रोजच्या रोज चालवून दोन महिन्यांच्या आत संपवावी, असं त्याच निकालात म्हटलं आहे. उशीर झाला आणि प्रवेशाची किंवा नेमणुकीची शेवटची तारीख उलटत असेल, तर मूळ दाखल्यावर किंवा शपथपत्रावर तात्पुरता प्रवेश द्यावा, असंही म्हटलं आहे. म्हणजे विलंब होणार, हे न्यायालयाने आधीच ओळखलं होतं.

पुढे महाराष्ट्राने यासाठी स्वतंत्र कायदा केला. २००१ चा अधिनियम २३. त्याने दिवाणी न्यायालयाची वाट बंद केली आणि समितीच्या आदेशाविरुद्ध फक्त उच्च न्यायालयाचं दार उघडं ठेवलं. त्यामुळे समिती गप्प बसली, तरी जायचं तिथेच: रिट याचिका घेऊन मुंबई, नागपूर, औरंगाबाद किंवा कोल्हापूर. गावाकडच्या कुटुंबाला वकील, प्रवास आणि बुडालेली मजुरी असं सगळंच त्यात आलं.

तिथे मिळतं काय? बहुतेक वेळा एकच गोष्ट: ‘अमुक आठवड्यांत निर्णय द्या.’ निर्णय कोणता द्यायचा, हे परमादेश सांगत नाही. पुरावे तपासणं हे समितीचं काम. म्हणून आम्ही नेहमी म्हणतो, नुसता ‘निर्णय द्या’ असा आदेश मागून भागत नाही. निर्णय होईपर्यंत जागा राखून ठेवा, प्रवेश रद्द करू नका, हा अंतरिम दिलासाही त्याच याचिकेत मागावा लागतो.

कारण गेलेली वेळ न्यायालयही परत आणून देत नाही. स्थानिक स्वराज्य संस्थांचंच पाहा. राखीव जागेवर निवडून आलेल्यांनी सहा महिन्यांत वैधता प्रमाणपत्र द्यावं, अशी तेव्हा अट होती. ती बंधनकारक आहे, मुदत चुकली की पद जातं, असं मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०१६ साली सांगितलं. २०१८ साली सर्वोच्च न्यायालयाने तेच कायम केलं. उशीर समितीकडून झाला, ही सबब चालली नाही. शेवटी कायदेमंडळालाच मुदत वाढवून १२ महिने करावी लागली.

यातून आपण एवढं घेऊन जाऊ या. समितीला तारखांसह लेखी स्मरणपत्रं द्या, त्यांच्या पोचपावत्या जपा आणि मुदत हातात असतानाच न्यायालयात जा. परमादेश मौन मोडू शकतो. उलटलेली तारीख मागे नेणं मात्र त्याच्या हातात नाही.