व्हिस्की, आलं आणि बालसरांचा अर्ज

आजचा भाग एका ग्लासाबद्दल आहे. व्हिस्की आणि जिंजर बिअर. रेसिपी इतकी सोपी की आधीच सांगून टाकतो. उंच ग्लास, भरपूर बर्फ, ६० मिली व्हिस्की, अर्ध्या लिंबाचा रस, वरून थंडगार जिंजर बिअर. एकदा हलवायचं, झालं. जिंजर बिअर नसेल तर आलं किसून पिळा, साखर घाला, सोडा ओता. नावात बिअर असली तरी बाजारातली बहुतेक जिंजर बिअर म्हणजे आल्याचं सॉफ्ट ड्रिंकच.

पण आपला विषय इतिहास आहे, आणि या ग्लासातला इतिहास 'घरी' या शब्दात आहे. भोसरीत शिफ्ट संपवून खोलीवर आलेल्या माणसानं दार लावून हा ग्लास भरला, तर सरकारचा त्याच्याशी काय संबंध? हा प्रश्न एका माणसानं खरंच कोर्टात विचारला होता.

मुंबई राज्यात १९४९ मध्ये दारूबंदीचा कायदा झाला आणि ६ एप्रिल १९५० पासून पूर्ण दारूबंदी आली. मोरारजी देसाई तेव्हा राज्याचे गृहमंत्री. दारू बनवणं, विकणंच नव्हे, तर परवान्याशिवाय जवळ बाळगणं आणि पिणं हाही गुन्हा. फ्रॅम नसरवानजी बालसरा हे गृहस्थ मुंबई उच्च न्यायालयात गेले. त्यांनी मागितलेली यादी वाचण्यासारखी आहे: व्हिस्की, ब्रँडी, वाइन, बिअर, औषधी वाइन, ओ-द-कोलोन, लव्हेंडर वॉटर. म्हणजे पेग आणि अत्तर एकाच अर्जात! मला हा माणूस फार आवडतो. कारण कायद्यानं 'लिकर'ची व्याख्याच इतकी ऐसपैस केली होती की अल्कोहोल असलेला प्रत्येक द्रव तिच्यात बसत होता. मग अत्तराची बाटलीही सुटेना.

त्यांच्या बाजूचा आणखी एक मुद्दा होता समानतेचा. सैन्याच्या मेसला सूट, परदेशी माणसाला परवाना, मग सामान्य नागरिकानं काय केलं? आपल्याकडचं उदाहरण घ्या. भोसरी तेव्हा गाव होतं, एमआयडीसी यायला अजून एक तपाचा अवकाश होता. खडकीची छावणी हाकेच्या अंतरावर. तिथल्या मेसमध्ये जे चालणार, ते भोसरीच्या वाड्यात गुन्हा.

प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं. २५ मे १९५१ ला निकाल लागला. मेसची सूट कायम राहिली. व्हिस्की, बिअरवरची बंदीही कायम राहिली, कारण दारूबंदीचा उल्लेख राज्यघटनेच्या ४७व्या कलमातच आहे. मात्र अल्कोहोल असलेली औषधं आणि प्रसाधनं बाळगण्या-वापरण्यावरची बंदी रद्द झाली. थोडक्यात, बालसरांना कोलोन मिळालं, पेग नाही.

आणि इथेच आल्याचा संबंध येतो. आल्याचं टिंक्चर हे पोटाचं जुनं औषध, पण ते बनतं कडक अल्कोहोलमध्ये. अमेरिकेत दारूबंदीच्या काळात लोक 'जमैका जिंजर' नावाचं असंच औषध प्यायचे. १९३० मध्ये त्यात एक विषारी रसायन मिसळलं गेलं आणि हजारो लोकांचे पाय लुळे पडले. औषधाच्या बाटलीची पळवाट किती महाग पडू शकते, याचं हे उदाहरण. मुंबई राज्यानं ती वाट अरुंद करायला १९५९ मध्ये दुरुस्ती केली: रक्तात ०.०५ टक्के किंवा जास्त अल्कोहोल सापडलं, तर 'मी औषधच घेतलं होतं' हे आरोपीनंच सिद्ध करायचं.

साठच्या दशकात वसंतराव नाईकांच्या सरकारनं बंदी सैल केली. सैल केली, काढली नाही. तोच कायदा आजही आहे. नावातलं 'मुंबई' जाऊन 'महाराष्ट्र' आलं, एवढंच. म्हणून बारच्या पाटीवर 'परमिट रूम' लिहिलेलं असतं. म्हणूनच घरी पिण्यासाठीही परवाना लागतो, एका दिवसाचा, वर्षाचा किंवा आजन्म. वाइन आणि बिअरसाठी वय २१, व्हिस्कीसाठी २५. ट्रेनिंग संपवून कायम झालेला, घरी पैसे पाठवणारा, मतदान करणारा २३ वर्षांचा ऑपरेटर कायद्यानं हा ग्लास भरू शकत नाही. मला हे विचित्र वाटतं. तुमचं मत वेगळं असू शकेल, दारूनं घर बुडालेलं पाहिलेल्यांचं तर नक्कीच असेल.

तर पंचविशीच्या आतल्यांनी व्हिस्की वगळा. आलं, लिंबू, साखर, सोडा यांना परवाना लागत नाही. आणि पुणे कॅम्पात १८८४ पासूनचं अर्देशीरचं सोड्याचं दुकान आहे, तिथली बाटली चालेल.