चामडं पाक, चामडेवाला?

बकरी ईदच्या दुसऱ्या दिवशी वर्सोव्यात, यारी रोडवरच्या आमच्या गल्लीच्या तोंडाशी, कातड्यांचा ढीग पडलेला असतो. मीठही न लावलेला. दुपारपर्यंत वास सुटतो आणि मग पालिकेची गाडी येऊन कचऱ्याबरोबर तो ढीग उचलून नेते. माझ्या लहानपणी हे दृश्य अशक्य होतं. तेव्हा ईदच्या नमाजीनंतर तासाभरात मदरशाची मुलं पावतीपुस्तक घेऊन दारात हजर व्हायची. दोन मदरशांची मुलं एकाच दाराशी भेटली तर अम्मीला पेच पडायचा की खाल कुणाला द्यायची. आता उलट झालंय. गेल्या काही वर्षांत एका मदरशाच्या माणसाने आम्हाला नम्रपणे सांगितलं, "कातडं देणार असाल तर सोबत मिठाचे आणि टेम्पोचे पैसेही द्या."

शरियतचा नियम असा की कुर्बानीच्या जनावराचं कातडं कापणाऱ्याला मजुरी म्हणून द्यायचं नाही आणि विकून पैसे स्वतःकडे ठेवायचे नाहीत. घरात वापरा, नाहीतर दान करा. या एका नियमावर मदरशांच्या वार्षिक जमाखर्चाचा मोठा भाग उभा होता. तो भाग आता कचऱ्याच्या गाडीत जातोय, आणि आपण "भाव पडले" एवढं म्हणून गप्प बसतो. भाव का पडले, आणि ते कातडं आपल्या दारातून जायचं तरी कुठे, हे आपल्यापैकी फार थोड्यांनी कधी विचारलं असेल. मीही विचारलं नव्हतं.

ते जायचं धारावीला. वर्सोव्याहून अंधेरी, तिथून लोकलने माहीम, आणि पूर्वेला उतरलं की धारावी. वर्सोवा आणि धारावी दोन्ही मुळात कोळीवाडे. दोन्हीकडे खाडी आणि दोन्हीकडे खडं मीठ. आमच्याकडे ते मासळीला लागतं, तिकडे कातड्याला लागू लागलं, एवढाच फरक. पण त्या फरकाने धारावीच्या कोळ्यांची खाडी गेली.

मुंबईच्या इंग्रज कारभाऱ्यांना शहराच्या किल्ल्याजवळ घाण नको होती. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात कत्तलखाना वांद्र्याला हलवला गेला, म्हणजे तेव्हाच्या शहराच्या बाहेर. जिथे जनावर कापलं जातं तिथून फार लांब कातडं नेता येत नाही, ते सडतं. म्हणून खाडीच्या अलीकडे, दलदलीच्या कडेला, धारावीत टॅनऱ्या आल्या. पहिली टॅनरी १८८७ सालची मानली जाते. धारावीची बडी मस्जिदही त्याच सालची सांगतात. हा योगायोग नाही. टॅनऱ्या काढणारे आणि चालवणारे बरेचसे तमिळ मुसलमान होते, तिरुनेलवेलीकडून आलेले. पोटामागे मशीद आली.

या धंद्यात एकटे तमिळ मुसलमान नव्हते. आपल्या महाराष्ट्रात कातडी कमावण्याचं काम ढोर समाजाचं आणि कमावलेल्या चामड्याचं पायताण करण्याचं काम चांभारांचं. मराठी भाषेने हा भेद नीट जपलाय: कच्चं ते कातडं, कमावलेलं ते चामडं. 'कमावणे' हा शब्दही बघा. पैसा कमावतात, शरीर कमावतात आणि कातडी कमावतात. चुन्याच्या पाण्यात केस सोडवायचे, मांस खरवडायचं, मग बाभळीची साल, तरवड, हिरडा यांच्या पाण्यात दिवसेंदिवस मुरवायचं. कोल्हापुरी चपलेचं चामडं आजही बाभूळ आणि हिरड्यातच कमावतात. हे हात धारावीत आले. तिथे संत रोहिदास मार्ग आहे आणि संत कक्कया मार्गही आहे. बाराव्या शतकात बसवण्णांच्या कल्याणला गेलेला कक्कय्या हा ढोर समाजाचा संत. रस्त्यांच्या पाट्या वाचल्या तरी धारावीची जनगणना कळते.

गिऱ्हाईक कोण होतं? सैन्य. बोहरा समाजातले सर आदमजी पीरभाई, ज्यांच्या कुटुंबाने १९०७ मध्ये माथेरानची छोटी रेल्वे सुरू केली, त्यांच्या वैभवामागे सैन्याला पुरवलेले तंबू, बूट आणि चामड्याचा सरंजाम होता. माथेरानला टॉय ट्रेनमध्ये बसून आपण हिरवळ बघतो, त्या रुळांना चामड्याचाही थोडा वास आहे. दक्षिणेत आंबूर, वाणियंबाडीच्या मुसलमान व्यापाऱ्यांनी अर्धवट कमावलेलं चामडं मद्रासहून लंडनला पाठवायचा मोठा व्यापार उभा केला होता. पहिल्या महायुद्धात ब्रिटिश सैनिकांच्या बुटांसाठी सरकारने तो माल स्वतःच्या ताब्यात घेतला. युद्ध संपल्यावर, १९१९ मध्ये, कच्च्या कातड्याच्या निर्यातीवर १५ टक्के कर बसवला, आणि कातडं साम्राज्यातच कमावलं जाणार असेल तर त्यातले १० टक्के परत. म्हणजे जर्मनी-अमेरिकेला कातडं महाग, इंग्लंडला स्वस्त. आपल्या टॅनरीवाल्यांच्या नावाने लावलेल्या करात लंडनची सोय कशी बसवली होती, ते या दोन आकड्यांतच दिसतं.

स्वातंत्र्यानंतर हिशोब बदलला. १९७३ पासून सरकारने अर्धवट कमावलेल्या चामड्याच्या निर्यातीवर मर्यादा घातली: इथेच पूर्ण करा, इथेच बूट-पाकिटं बनवा आणि मग विका. धोरण म्हणून ते शहाणपणाचं होतं. धारावीत पाकिटं, पट्टे, बॅगा शिवणारे गाळे वाढले आणि बिहारहून कारागीर येऊ लागले, त्यांतले बहुतेक मुसलमान.

आता ज्या गोष्टीसाठी हा लेख लिहायला घेतला तिच्याकडे येतो.

इस्लाममध्ये दबागत, म्हणजे कातडं कमावणं, ही पाक करणारी क्रिया आहे. हदीसमधला प्रसंग अनेकांना माहीत असेल. उम्मुल मोमिनीन मैमूना यांच्या मुक्त केलेल्या दासीची बकरी मेली होती. पैगंबर (स.) तिथून जात होते, तेव्हा त्यांनी विचारलं की हिच्या कातड्याचा उपयोग का केला नाही? लोक म्हणाले, ती मेलेली आहे. उत्तर आलं की हराम आहे ते तिचं खाणं. फुकहांनी यावर पुष्कळ बारीक चर्चा केली, पण सर्वसाधारण निष्कर्ष हाच की कमावलं की कातडं पाक. त्या चामड्यावर नमाज पढता येते.

आणि जो हे पाक करण्याचं काम करतो तो? अरब जगात 'दब्बाग' हे आडनाव आहे, लोक ते मिरवतात. फेज शहरातल्या टॅनऱ्या शहराच्या मधोमध आजही चालतात. हनफी फिक्हचे मोठे आलिम अबू बकर अल-खस्साफ (मृत्यू हिजरी २६१) यांचं नावच त्यांच्या धंद्यावरून पडलंय. खस्साफ म्हणजे पायताणं शिवणारा, आणि ते त्याच कमाईवर जगत. वक्फच्या कायद्यावरचा सुरुवातीचा आणि पायाभूत ग्रंथ त्यांचाच. आज वक्फ कायद्यावरून एवढं रान उठलंय, मोर्चे निघतात, भाषणं होतात, पण वक्फचा कायदा एका चांभाराने लिहून ठेवला हे मी एकाही व्यासपीठावरून ऐकलेलं नाही.

हिंदुस्थानात आपण या बाबतीत मुसलमान राहिलो नाही, हे मान्य करायला हवं. जातिव्यवस्थेत कातड्याला हात लावणारा कायमचा विटाळलेला. चामडं शुद्ध होतं, त्याची चप्पल देवळाच्या पायरीपर्यंत जाते, पण करणारा वेशीबाहेर. आपण ही गोष्ट उचलली आणि तिला 'खानदान' हे नाव दिलं. आमच्याच नात्यात काही वर्षांपूर्वी एका मुलीसाठी स्थळ आलं होतं. मुलगा शिकलेला, पाच वेळचा नमाजी, स्वतःचा व्यवसाय. नकार गेला. कारण कुणी लिहून देत नाही, पण बैठकीत बोललं गेलं: "चमडेवाले हैं." नकार देणाऱ्यांत मीही बसलो होतो. बोललो नाही. त्या दिवशी माझ्या पायात चामड्याचे बूट होते.

जालन्याच्या शब्बीर अन्सारींनी मुस्लिम ओबीसींची चळवळ उभी केली, दिलीपकुमारसारखा माणूस तिच्या व्यासपीठावर गेला, तेव्हा आपल्यातल्या अनेकांनी "इस्लाममध्ये जात कुठे आहे?" असं विचारलं होतं. प्रश्न बरोबर होता, विचारणारे चुकीचे होते. इस्लाममध्ये नसेल, पण आमच्या बैठकीत होती.

दलितांनी या कामाबद्दल आपल्याआधी विचार केला. मार्च १९२७ च्या महाडच्या परिषदेत डॉ. आंबेडकरांनी मेलेली जनावरं ओढायचं सोडून द्या असं सांगितलं. (त्याच वर्षी डिसेंबरच्या सत्याग्रह परिषदेला कुणी जागा देईना, तेव्हा महाडच्या फत्तेखान यांनी आपली जागा दिली. कोकणातल्या मुसलमानांनी ही आठवण जरा जास्त वेळा काढावी.) उलट वर्ध्याजवळ नालवाडीत गांधीजींच्या प्रेरणेने वाळुंजकरांनी चर्मालय चालवलं, फक्त आपोआप मेलेल्या जनावरांच्या कातड्याचं. एक म्हणत होते, हे काम सोडा. दुसरे म्हणत होते, हे काम पवित्र माना. मला पहिल्यांचं पटतं. ज्याच्यावर काम लादलेलं आहे, त्याला पावित्र्याचा उपदेश फारसा उपयोगी नसतो. जुलै २०१६ मध्ये गुजरातच्या उनामध्ये मेलेल्या गायीचं कातडं काढणाऱ्या दलित तरुणांना फटके मारले गेले, तेव्हा तिथल्या लोकांनी ठरवलं की आता मेलेली जनावरं उचलणार नाही. महाडनंतर ८९ वर्षांनी पुन्हा तोच निर्णय घ्यावा लागला.

त्याच्या आदल्या वर्षी, मार्च २०१५ मध्ये, महाराष्ट्रात बैल आणि वळू यांच्या कत्तलीवरही बंदी आली. विधेयक १९९५ चं होतं, राष्ट्रपतींची मान्यता वीस वर्षांनी मिळाली. मे २०१६ मध्ये उच्च न्यायालयाने परराज्यातलं मांस बाळगण्यावरची बंदी रद्द केली, पण कत्तलबंदी कायम ठेवली. म्हैस चालते, म्हणून धारावी एकदम बंद पडली नाही. पण कातड्याच्या गाडीबरोबर जाणाऱ्या माणसाची भीती कायद्याच्या कलमांपुरती राहत नाही. गाडी अडवणारा आधी मारतो, कातडं म्हशीचं की बैलाचं ते नंतर बघतो. उत्तर प्रदेशात २०१९ च्या कुंभमेळ्यासाठी कानपूरच्या जाजमऊतल्या टॅनऱ्या महिनोन्महिने बंद ठेवल्या गेल्या. गंगेत क्रोमियम जाऊ नये हे योग्यच, पण त्या काळातल्या मजुरीचं काय, हे कुणी विचारलं नाही. आणि या सगळ्याच्या वर बाजार. जगभर बूट कापडाचे आणि प्लास्टिकचे झाले, 'व्हेगन लेदर' नावाने रेक्झिन परत आलं. बकरीच्या कातड्याची किंमत मिठाच्या खर्चाखाली गेली ती या सगळ्यामुळे.

जून २०२५ मध्ये इटलीच्या प्रादाने मिलानच्या शोमध्ये कोल्हापुरीसारखी चप्पल दाखवली आणि महाराष्ट्र चिडला. कोल्हापुरीला २०१९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालंय, महाराष्ट्राचे चार आणि कर्नाटकचे चार जिल्हे त्यात आहेत. चिडणं रास्त होतं. पण त्या आठवडाभरात चपलेचा अभिमान जेवढा ऐकला त्याच्या दहाव्या हिश्श्यानेही ती करणाऱ्या समाजाचं नाव ऐकलं नाही. 'मराठी अस्मिता' चप्पल घालते, शिवत नाही.

यंदा मी ठरवून धारावीत गेलो. कातडी खारवणाऱ्या एका गाळ्यात विचारलं की वर्सोव्यातून शंभरेक कातडी गोळा करून आणली तर घ्याल का? तो माणूस हसला. "मीठ लावून आणा, फुकट द्या, तरी विचार करावा लागेल, साहब." इथे आता कमावत नाहीत. प्रदूषणाच्या नियमांमुळे टॅनऱ्या गेल्या आणि खारवलेला माल मद्रासकडे जातो. तिथून तयार चामडं परत येतं आणि धारावीत पाकीट होतं. कत्तलखाना १९७१ मध्येच वांद्र्याहून देवनारला गेला.

देवनार हे नाव धारावीत हल्ली वेगळ्या कारणाने घेतलं जातं. पुनर्विकासात जे 'अपात्र' ठरतील त्यांच्यासाठी देवनारच्या कचराभूमीची आणि मुलुंड-कांजूरच्या मिठागरांची जमीन ठरवली आहे. तळमजल्यावर १ जानेवारी २००० च्या आधीपासून राहणाऱ्याला धारावीतच मोफत घर. वरच्या मजल्यावर राहणाऱ्यांची सोय धारावीबाहेर. मी ज्या गाळ्यात पाकीट घेतलं त्याच्या माळ्यावर सहा मुलं शिवत बसली होती, दरभंगा-मधुबनीकडची. रात्री तिथेच मशीन बाजूला सरकवून झोपतात. एकाला विचारलं, सर्व्हेवाले आले होते का? म्हणाला, आले होते, खाली सेठशी बोलून गेले. शिडी चढून वर कुणी आलं नाही.