'अपनी पुलिस की टीम'

आमच्या नांदेडात फुटबॉल म्हणजे पावसाळ्यात शाळेच्या मैदानावरचा चिखल, एवढंच मला ठाऊक. पण आजोबा कधीतरी रंगात आले की 'अपनी पुलिस की टीम' म्हणायचे. कुठली बरं ही टीम?

ती होती हैदराबाद सिटी पोलीस! तेव्हा नांदेड, लातूर सगळं हैदराबाद राज्यातच. सय्यद अब्दुल रहीम या शिक्षकी पेशातल्या माणसाने ही टीम घडवली. १९५० च्या ड्युरँड कपमध्ये तिने फायनलला मोहन बागानला हरवलं. आणि मुंबईत जाऊन रोव्हर्स कप जिंकला, तोही १९५० ते १९५४ सलग पाच वेळा.

मग १ नोव्हेंबर १९५६ ला राज्यपुनर्रचना झाली. आम्ही मुंबई राज्यात आलो. बरोबर एका महिन्याने मेलबर्न ऑलिंपिकमध्ये रहीमसाहेबांच्या भारतीय संघाने ऑस्ट्रेलियाला ४-२ ने हरवलं. तीन गोल मुंबईकडून खेळणाऱ्या नेव्हिल डिसोझाचे! त्याच मोसमात संतोष ट्रॉफीच्या फायनलला समोरासमोर कोण? हैदराबाद आणि मुंबई. जिंकलं हैदराबाद.

आजोबा तेव्हा कुणाच्या बाजूने होते? मराठी राज्यासाठी तर ते तळमळत होते... विचारायचं राहूनच गेलं. २०२४ मध्ये रहीमसाहेबांवरचा 'मैदान' पाहताना हे फार जाणवलं.

एक मात्र खरं. राज्य बदललं, पण आजोबांनी तो 'अपनी' शब्द काही शेवटपर्यंत बदलला नाही.