आधी बाहुली, मग बाळ

आम्ही काळेवाडीच्या बचत गटातल्या बायका. आमच्यात शिवणकाम करणाऱ्या बऱ्याच जणी आहेत. ब्लाउज शिकताना पहिली कात्री कापडावर कुणी चालवत नाही. आधी जुन्या वर्तमानपत्रावर बेतायचं, कापायचं. कागद वाया गेला तर कुणाचं काही जात नाही. मग सुईण, नर्स, डॉक्टर यांनी आपली पहिली चूक कुठे करायची? बाळंतिणीच्या अंगावर?

हा प्रश्न फार जुना आहे. सुश्रुतसंहितेत यावर एक अख्खा अध्याय आहे. शिष्याने कितीही ग्रंथ वाचले, तरी हाताला सराव नसेल तर तो कामाचा नाही, असं त्यात सांगितलंय. छेद घ्यायला शिकायचं ते कोहळा, दुधी, कलिंगड, काकडीवर. पट्टी बांधायची ती माणसाच्या आकाराच्या बाहुल्यावर. म्हणजे आपल्या परसातल्या भाज्यांवर वैद्य घडत होते!

बाळंतपणासाठी अशी बाहुली केली ती फ्रान्समधल्या एका सुईणीने. तिचं नाव मादाम द्यू कुद्रे. तिने कापड आणि चामड्याचं बाईचं कमरेचं धड शिवलं, आत बसणारं बाळही शिवलं. १७५९ मध्ये राजा पंधरावा लुई याने तिला देशभर फिरून शिकवायची परवानगी दिली. पुढची सुमारे पंचवीस वर्षं ती गावोगाव हिंडली, हजारो बायकांना तिने शिकवलं. त्यातल्या कितीतरी जणींना लिहिता-वाचता येत नव्हतं. पण बाळ आडवं आलं तर काय करायचं, हे त्यांचे हात शिकले.

आता आपल्या शेजारी, बेळगावला येऊ. २०१० च्या सुमारास त्या जिल्ह्यात बाळंतपण करणाऱ्या ५९९ जणांना बाहुलीवर शिकवलं गेलं. या बाहुलीत पाणी भरलं की ती खऱ्या बाळासारखी जड लागते. बाळ रडलं नाही तर त्याला पुसायचं, पाठ चोळायची, तरीही श्वास आला नाही तर पिशवी आणि मास्कने हवा द्यायची. हे सगळं पहिल्या एका मिनिटात. शिकवण्याआधी दर हजार जन्मांत ३० बाळं मृत जन्मली अशी नोंद व्हायची, नंतर ती २३ वर आली. पहिल्या २८ दिवसांतले मृत्यू मात्र कमी झाले नाहीत. जन्मानंतर ऊब, आईचं दूध आणि वेळेवर दवाखाना लागतोच. ते काम एकट्या बाहुलीचं नाही.

हे आकडे आम्ही गटाच्या बैठकीत वाचले, तेव्हा आमची एक मैत्रीण बराच वेळ गप्प होती. तिचं पहिलं बाळ रडलं नव्हतं. ‘गेलेलंच आलं’ म्हणून कापडात गुंडाळून तिच्या हाती दिलं होतं. ते वाचलं असतं की नाही, कोण सांगणार? पण त्या एका मिनिटात कुणी प्रयत्न केला का, हे विचारायचं तेव्हा आम्हाला सुचलंही नव्हतं.

आता सुचतं. शिवणयंत्र वर्षभर बंद ठेवलं तर आपलीही टीप वाकडी जाते. तसंच हे कसब सरावाशिवाय उतरतं. म्हणून पुढच्या बैठकीला आशाताई आणि नर्सताईंना मानाने बोलवा आणि विचारा, “ताई, बाहुलीवर शेवटचा सराव कधी झाला?” झाला नसेल तर दोष त्यांना देऊ नका. गावाच्या आरोग्य समितीत त्यांच्या बाजूने उभ्या राहा आणि तो सराव मागून घ्या.