गाडीचा थर्मोस्टॅट खराब झालाय? फोनवर तपासा, घरीच बदला, पण काढून टाकू नका

फोन तापला की आपण कव्हर काढतो, गेम बंद करतो आणि फोन पंख्याखाली ठेवतो. प्रोसेसर जितका थंड तितका बरा, हे डोक्यात पक्कं बसलंय. मग गाडीचं इंजिनही जितकं थंड तितकं चांगलं असं वाटतं, आणि इथेच गडबड होते. पेट्रोल इंजिनातल्या कूलंटचं तापमान साधारण ८५ ते १०० अंश सेल्सिअसच्या दरम्यान राहावं लागतं. खूप कमी राहिलं तर गाडी पेट्रोल जास्त पिते, फार वाढलं तर हेड गॅस्केट उडतं. हा तोल सांभाळतो थर्मोस्टॅट. मुठीत मावेल एवढा पार्ट, छोट्या पेट्रोल गाड्यांसाठी बहुतेक वेळा काही शे रुपयांत मिळणारा.

आमच्या घरी, रोह्याजवळ निडीला, बाबांकडे पुण्याहून सेकंडहँड घेतलेली २०१४ ची पेट्रोल हॅचबॅक आहे. एका मे महिन्यात भिसे खिंडीच्या चढावर तिचा काटा लालवर गेला. गॅरेजमध्ये थर्मोस्टॅट अडकल्याचं निघालं. निदान बरोबर होतं, इलाज चुकला. "कोकणात कुठे बर्फ पडतो? काढून टाकू, परत तापायची भानगडच नको." थर्मोस्टॅट निघाला, गाडी तापायची थांबली, सगळे खूश. डिसेंबरात बाबा म्हणाले, "अॅव्हरेज पडलंय रे." सुट्टीत घरी गेलो तेव्हा गाडीला ब्लूटूथ अडॅप्टर लावला आणि नागोठणे, वडखळ करत पेणपर्यंत चालवली. हायवेवर कूलंट ६५ अंशांच्या वर जायला तयार नव्हतं. म्हणजे इंजिन कधी पूर्ण गरम होतच नव्हतं.

ही गोष्ट फक्त आमच्या गाडीची नाही. जुन्या गाड्यांचे थर्मोस्टॅट असे सर्रास काढले जातात. म्हणून तपासणीपासून बदलण्यापर्यंत सगळं इथे क्रमाने दिलंय.

थर्मोस्टॅट काम कसा करतो?

इंजिन आणि रेडिएटर यांच्या वाटेवरचं हे एक दार आहे, असं समजा. आतल्या छोट्या डबीत खास प्रकारचं मेण असतं. मेण वितळलं की फुगतं, दांडा ढकलतं आणि दार उघडतं. थंड झालं की स्प्रिंग ते दार परत बंद करते. ना वायर, ना सेन्सर, ना सॉफ्टवेअर. मेणाचा हा थर्मोस्टॅट अमेरिकेत सर्जियस व्हर्नेट यांनी १९३० च्या दशकात विकसित केला. आजही बहुतेक गाड्या याच तत्त्वावर चालतात.

सकाळी गाडी चालू केली की दार बंद असतं. कूलंट रेडिएटरकडे न जाता बायपासमधून इंजिनातच फिरतं, त्यामुळे इंजिन पटकन गरम होतं. ठरलेलं तापमान आलं की दार उघडायला लागतं आणि गरम कूलंट रेडिएटरमध्ये जातं. हा आकडा थर्मोस्टॅटवरच कोरलेला असतो. अनेक छोट्या गाड्यांत तो ८२ किंवा ८८ असतो. लक्षात ठेवा, या आकड्याला दार उघडायला सुरुवात होते. पूर्ण उघडायला आणखी दहा-बारा अंश लागतात.

बिघाडाचे तीन प्रकार

१. बंद स्थितीत अडकला: सगळ्यात धोकादायक. काटा झपाट्याने वर जातो, इंजिन उकळतं, पण रेडिएटर मात्र थंडच.

२. उघडा अडकला, किंवा काढून टाकलेला: काटा खालीच राहतो, अॅव्हरेज पडतं, सकाळी गाडी गरम व्हायला फार वेळ घेते. हायवेवर वारा लागला की तापमान आणखी उतरतं.

३. अर्धवट अडकला: कधी बरोबर, कधी जास्त. काटा वर-खाली नाचत राहतो.

काढून टाकला तर बिघडतं काय?

इंजेक्शनच्या गाडीत कूलंटचं तापमान बघून ईसीयू पेट्रोलचं प्रमाण ठरवतो. इंजिन थंड दिसलं की तो जास्त पेट्रोल सोडतो. थर्मोस्टॅट नसेल तर ईसीयूला इंजिन कायम नुकतंच चालू झाल्यासारखं वाटू शकतं. शिवाय जळलेल्या पेट्रोलमधली वाफ इंजिन ऑइलमध्ये साठते, कारण ती उडून जायला लागणारी उष्णताच मिळत नाही. ऑइलच्या झाकणाखाली पांढरट साय दिसते आणि इंजिनाची झीज वाढते.

आणखी एक गोष्ट फार लोकांना माहीत नसते. काही इंजिनांत थर्मोस्टॅट रेडिएटरची वाट उघडताना बायपासची वाट बंद करतो. तो काढला की बायपास कायम उघडा राहतो आणि बरंचसं गरम कूलंट रेडिएटरला वळसा घालून परत इंजिनात येतं. अशी गाडी माणसं भरून घाट चढताना उलट जास्त तापू शकते. ज्या भीतीने काढला, तीच समोर.

आधी फोनवर तपासा

भारतात बीएस-४ गाड्यांना एप्रिल २०१३ पासून ओबीडी-२ बंधनकारक झालं. तुमची गाडी त्यानंतरची बीएस-४ असेल तर स्टिअरिंगच्या खाली १६ पिनांचं सॉकेट सापडेल. त्यात ईएलएम ३२७ प्रकारचा ब्लूटूथ अडॅप्टर लावा, फोनवर ओबीडीचं कुठलंही चांगलं अॅप घ्या आणि कूलंट टेंपरेचरचा आलेख सुरू करा. आयफोन असेल तर त्याला चालणारा अडॅप्टर आहे ना, ते बघून घ्या. त्याआधीच्या अनेक गाड्यांत साधा अडॅप्टर ईसीयूशी बोलेलच असं नाही. तिथे खालची हाताची तपासणी करा.

गाडी रात्रभर थंड झालेली हवी. आलेख असा वाचा:

- हळूहळू चढून ८५-९५ च्या आसपास स्थिर: थर्मोस्टॅट ठीक.
- पंधरा-वीस मिनिटं चालवूनही ७० च्या खाली, सिग्नलला थांबलं की वाढतं, वेग घेतला की उतरतं: उघडा अडकला किंवा नाहीच.
- १०० च्या पुढे चढतच चाललंय: लगेच इंजिन बंद करा.

पी०१२८ हा एरर कोड दिसला तर त्याचा अर्थ कूलंट अपेक्षित तापमानाला पोहोचत नाही. बहुतेक वेळा दोषी थर्मोस्टॅटच असतो, पण कूलंट कमी असणं किंवा सेन्सर बिघडणं हीही कारणं असू शकतात.

अडॅप्टर नसेल तर थंड गाडी चालू करा आणि रेडिएटरच्या वरच्या होस पाइपवर लक्ष ठेवा. पंख्यापासून आणि पट्ट्यापासून हात लांब ठेवून मधूनमधून फक्त क्षणभर स्पर्श करा. पाइप काही मिनिटं थंड राहून मग पटकन गरम झाला तर ठीक. पहिल्यापासूनच हळूहळू कोमट होत गेला तर दार उघडं आहे. काटा वर गेला तरी पाइप थंडच, तर दार बंद आहे. काही गाड्यांत थर्मोस्टॅट खालच्या होसच्या बाजूला असतो. तिथे हीच परीक्षा खालच्या पाइपवर करा.

गाडी तापतेय म्हणून दोष थर्मोस्टॅटचाच असं मात्र धरू नका. कूलंट कमी आहे का, कुठून गळतंय का, रेडिएटरचा पंखा फिरतो का, रेडिएटर चिखलाने भरलाय का, हे आधी बघा. सायलेन्सरमधून सतत गोड वासाचा पांढरा धूर येत असेल किंवा डिपस्टिकवरचं ऑइल दुधाळ असेल तर हेड गॅस्केटची शंका घ्या आणि गाडी चालवू नका.

काय काय लागेल?

- मूळ तापमानाच्या आकड्याचा नवा थर्मोस्टॅट आणि नवं गॅस्केट किंवा रबर रिंग
- मॅन्युअलमध्ये सांगितलेल्या प्रकारचं कूलंट. कॉन्सन्ट्रेट असेल तर डिस्टिल्ड वॉटर
- १० आणि १२ नंबरचे पाने, पक्कड, स्क्रू ड्रायव्हर
- पसरट टब, फडकं, प्लास्टिकची पट्टी, हातमोजे

पार्ट घ्यायला जाताना आरसी बुकचा फोटो फोनमध्ये ठेवा. मॉडेल तेच असलं तरी वर्षानुसार पार्ट बदलतो. आणलेला थर्मोस्टॅट बसवण्याआधी स्टोव्हवर तपासून घ्या. जुन्या भांड्यात पाणी घ्या, थर्मोस्टॅट दोऱ्याने तळाला न टेकेल असा सोडा, थर्मामीटर ठेवा आणि पाणी तापवा. कोरलेल्या आकड्याच्या आसपास दार उघडताना डोळ्यांनी दिसतं. हे भांडं पुन्हा स्वयंपाकाला वापरू नका.

बदलण्याच्या पायऱ्या

१. गाडी सपाट जागी लावा, हँडब्रेक ओढा, किल्ली काढून खिशात ठेवा. इंजिन पूर्ण थंड हवं. सगळ्यात सोपं म्हणजे सकाळी करा. गरम इंजिनाचं रेडिएटर कॅप कधीही उघडू नका. आतलं कूलंट दाबाखाली असतं आणि झाकण सैल होताच उकळतं तोंडावर उडतं.

२. कॅप काढा. खाली टब ठेवून रेडिएटरचा ड्रेन कॉक उघडा. कॉक नसेल तर खालचा होस सोडवा. सगळं काढायची गरज नाही, पातळी थर्मोस्टॅटच्या खाली आली की पुरे.

३. थर्मोस्टॅट शोधा. बहुतेक जुन्या गाड्यांत वरचा होस इंजिनाला जिथे जोडलेला असतो, त्या धातूच्या टोपीखालीच तो असतो. सोडवण्याआधी फोनने दोन-तीन फोटो काढा.

४. क्लिप सरकवून होस काढा. चिकटला असेल तर हळूच पिळा, ओरबाडू नका. मग टोपीचे बोल्ट सोडवा. ते सहसा दोनच असतात. गंजले असतील तर आधी गंज सोडवणारा स्प्रे मारून वाट बघा. बोल्ट आत तुटला तर काही शे रुपयांचं काम काही हजारांवर जातं.

५. जुना थर्मोस्टॅट कसा बसलाय त्याचा फोटो घ्या. साधारणपणे मेणाची डबी आणि मोठी स्प्रिंग इंजिनाच्या बाजूला असते. हवा जायची छोटी पिन असेल तर ती वरच्या बाजूला येईल असं बसवा.

६. दोन्ही पृष्ठभागांवरचं जुनं गॅस्केट प्लास्टिकच्या पट्टीने काढा. पातं वापरलं तर ॲल्युमिनिअमवर ओरखडे येतात आणि तिथूनच गळती सुरू होते. उघड्या तोंडात फडकं ठेवा म्हणजे कचरा आत पडणार नाही. शेवटी ते काढायला विसरू नका.

७. नवा थर्मोस्टॅट आणि गॅस्केट बसवा. दोन्ही बोल्ट आधी हाताने, मग पान्याने आलटून पालटून थोडे थोडे घट्ट करा. मॅन्युअलमध्ये टॉर्कचा आकडा असतो, तो पाळा. जोर लावून आवळलं तर टोपी तडकते.

८. होस आणि क्लिप बसवा, कॉक बंद करा आणि कूलंट हळूहळू भरा.

९. आता हवा काढायची. हा टप्पा टाळला तर नवा थर्मोस्टॅट बसवूनही गाडी तापते. कॅप उघडं ठेवून थंड इंजिन चालू करा आणि हीटर असेल तर पूर्ण गरमवर ठेवा. बुडबुडे येतील आणि पातळी उतरेल, तसं कूलंट भरत राहा. पातळी स्थिर झाली आणि बुडबुडे थांबले की कॅप लावा. गाडीला वेगळा ब्लीड स्क्रू असेल तर मॅन्युअलप्रमाणे करा.

१०. पंखा चालू होऊन बंद होईपर्यंत थांबा, गळती बघा, जवळच एक फेरी मारा. गाडी पूर्ण थंड झाली की रिझर्व्ह बाटलीतली पातळी परत बघा. दोन-तीन दिवस रोज सकाळी बघत राहा.

काढलेलं कूलंट गटारात, शेतात किंवा अंगणात ओतू नका. त्यातलं इथिलीन ग्लायकॉल विषारी असतं आणि चवीला गोड, त्यामुळे कुत्री-मांजरं ते चाटतात. झाकणाच्या कॅनमध्ये भरून विल्हेवाटीसाठी गॅरेजला द्या.

नेहमी विचारले जाणारे प्रश्न

नुसतं पाणी टाकलं तर?
रस्त्यात अडकलात तर घरी पोहोचण्यापुरतं ठीक. पण नुसत्या पाण्याने गंज धरतो आणि ते कूलंटपेक्षा लवकर उकळतं. बोअरचं किंवा पेणच्या खारेपाटातलं पाणी तर मुळीच नको, क्षार आत जमतात.

कमी तापमानाचा थर्मोस्टॅट टाकला तर गाडी थंड राहील का?
नाही. तो लवकर उघडेल एवढंच. चढावर तापमान किती जाणार हे रेडिएटर, पंखा आणि पंप ठरवतात.

रस्त्यात काटा लालवर गेला तर?
एसी बंद करा, हीटर पूर्ण गरमवर टाका, सुरक्षित जागा बघून लगेच थांबा आणि इंजिन बंद करा. निदान अर्धा-पाऊण तास बॉनेटमधल्या कशालाही हात लावू नका. तापलेल्या इंजिनावर थंड पाणी ओतू नका, धातूला तडा जातो.

हे काम घरी कधी करू नये?
थर्मोस्टॅटपर्यंत जायला बरेच भाग खोलावे लागत असतील, बोल्ट फार गंजले असतील किंवा हेड गॅस्केटची शंका असेल तेव्हा. गॅरेजला द्या, पण "काढू नका, नवा बसवा" एवढं स्पष्ट सांगा आणि जुना पार्ट परत मागा.

आमच्या गाडीत मी आणि बाबांनी मिळून एका सकाळी नवा बसवला. तेव्हापासून हायवेवर कूलंट ९० च्या आसपास राहतं आणि खिंडीच्या चढावरही काटा मध्यावरून हलत नाही. बाबा अजून अडॅप्टर काढू देत नाहीत. रोह्याला भाजी आणायला गेले तरी फोनवर आकडा बघत बसतात.